वर्गात दहा देशांची मुलं असतील तर शिकवायचं कसं?

एका सेमिस्टरला माझ्या वर्गात मागच्या बाकावर एक विद्यार्थिनी बसायची. प्रत्येक तासाला वेळेवर यायची, पानंच्या पानं लिहून घ्यायची आणि मी "समजलं का?" असं विचारलं की मान डोलवायची. तिची पहिली असाइनमेंट हातात आली ती प्रश्नाला पार सोडून. तिला बोलावून घेतलं, शेजारी बसवलं आणि प्रश्न पुन्हा वाचायला लावला. तेव्हा उलगडा झाला. प्रश्नात 'क्रिटिकली डिस्कस' असं म्हटलं होतं. तिच्या आधीच्या विद्यापीठात अशा प्रश्नाचं उत्तर म्हणजे पुस्तकातली सगळी मतं नीट क्रमानं मांडणं. ती तिनं मांडली होती, तीही फार मेहनतीनं. स्वतःचं मत लिहिणं तिला आगाऊपणा वाटला होता. मग मान का डोलवायचीस, असं विचारलं तर म्हणाली, "तुम्ही एवढं समजावून सांगितल्यावर मी नाही कसं म्हणणार?"

त्या मुलीचा विषय कच्चा नव्हता आणि भाषाही फारशी कच्ची नव्हती. आमच्या वर्गाचा एक नियम तिला ठाऊक नव्हता, कारण तो मी कधी तोंडानं सांगितलाच नव्हता. परदेशी विद्यार्थ्यांच्या बऱ्याच अडचणी अशाच असतात. युनेस्कोच्या आकडेवारीप्रमाणे २००० साली जगभरात साधारण २० लाख विद्यार्थी परदेशात उच्च शिक्षण घेत होते. आज हा आकडा ६० लाखांच्या पुढे गेला आहे. म्हणजे असा वर्ग आता कुणाही प्राध्यापकाच्या वाट्याला येऊ शकतो. त्यासाठी अभ्यासक्रम सोपा करावा लागत नाही. जे आपण गृहीत धरतो ते उघड करून सांगावं लागतं. ते कुठे, कधी आणि कसं सांगायचं, हे सेमिस्टरच्या क्रमानं पुढे मांडतो.

सेमिस्टर सुरू होण्याआधी

आधी नावांची यादी घ्या. चिनी, कोरियन, व्हिएतनामी आणि हंगेरियन नावांत आडनाव आधी येतं. स्पॅनिश भाषक विद्यार्थ्याला बहुधा दोन आडनावं असतात. इंडोनेशियातल्या अनेकांना एकच नाव असतं आणि विद्यापीठाच्या फॉर्ममध्ये दोन रकाने भरायचे म्हणून तेच नाव दोनदा लिहिलेलं दिसतं. त्यामुळे यादीवरून अंदाजानं हाक मारू नका. पहिल्या आठवड्यात प्रत्येकाकडून दोन ओळी मागवा: तुम्हाला काय म्हणून हाक मारू, आणि त्या नावाचा उच्चार कसा करायचा. काही विद्यार्थी सोपं पडावं म्हणून एखादं इंग्रजी नाव सांगतील. ते त्यांना मनापासून हवं असेल तर वापरा, पण मूळ नाव शिकायची तयारी आहे हेही सांगा. उच्चार चुकला तर दुरुस्त करून घ्या आणि पुढे चला. पाच मिनिटं माफी मागत बसलात तर तो विद्यार्थी आणखी अवघडतो.

दुसरं काम शब्दांचं. आपल्याला वाटतं की परदेशी विद्यार्थ्याला विषयातले पारिभाषिक शब्द अडतात. ते सहसा अडत नाहीत. ते पुस्तकात ठळक छापलेले असतात आणि त्यांची व्याख्याही दिलेली असते. अडतात ते मधले शब्द. 'अझ्यूम', 'इन्फर', 'कन्सिस्टंट' यांसारखे, सगळ्या विषयांत येणारे आणि कुणीच समजावून न सांगितलेले. भाषाशिक्षणाच्या संशोधक ॲव्हरिल कॉक्सहेड यांनी २००० साली अशा ५७० शब्दकुलांची (एकाच मूळ शब्दापासून बनलेल्या शब्दांच्या गटांची) यादी प्रसिद्ध केली आणि ती आजही शिकवण्यात वापरली जाते. तुमच्या विषयापुरते असे वीस-पंचवीस शब्द काढा. 'डिस्कस', 'इव्हॅल्युएट', 'जस्टिफाय', 'आउटलाइन' हे प्रश्नपत्रिकेतले शब्द त्यात हवेतच. प्रत्येकासमोर तुमच्या विषयात त्याचा अर्थ काय आणि उत्तरात काय अपेक्षित आहे, हे एका वाक्यात लिहून द्या.

इथे एक गोष्ट पक्की लक्षात असू द्या. द्विभाषिक शिक्षणाचे अभ्यासक जिम कमिन्स यांनी १९७९ मध्ये रोजच्या बोलण्याची भाषा आणि अभ्यासाची भाषा यांत भेद केला. बोलणं एक-दोन वर्षांत जमतं, अभ्यासाच्या भाषेला पाच ते सात वर्षं लागू शकतात. शाळकरी मुलांबाबतचं हे निरीक्षण विद्यापीठातही पदोपदी जाणवतं. कॉरिडॉरमध्ये फाडफाड बोलणारा विद्यार्थी शोधनिबंध वाचताना अडखळला, तर तो आळशी आहे असा निष्कर्ष काढू नका. उलटही घडतं: बोलताना चाचरणारा विद्यार्थी लिहिताना वर्गात सगळ्यांच्या पुढे असतो.

मग तुमची उदाहरणं तपासा. निवडणूक, टीव्हीवरची मालिका, एखादा खेळ यांचा आधार घेऊन आपण संकल्पना समजावतो. बेसबॉलचे नियम माहीत नसलेल्याला बेसबॉलचं उदाहरण दिलं तर त्याच्यापुढे एकाच वेळी दोन कोडी पडतात. उदाहरण टाकून द्यायची गरज नाही, पण सोबत दोन वाक्यांची पार्श्वभूमी द्या, किंवा दुसऱ्या ठिकाणचं एक उदाहरण जोडा.

तारखाही पाहून ठेवा. रमजान दरवर्षी साधारण ११ दिवस अलीकडे सरकतो, चांद्र नववर्ष २१ जानेवारी ते २० फेब्रुवारीच्या दरम्यान येतं, नवरोज, म्हणजे इराणी नववर्ष, २० मार्चच्या आसपास असतो. प्रत्येक सणाला परीक्षा टाळणं शक्य नसतं, पण दिवसभराचा उपवास करून आलेल्याची तीन तासांची तोंडी परीक्षा संध्याकाळी ठेवायची की सकाळी, हे तर आपल्या हातात असतं.

पहिला तास: नियम बोलून दाखवा

पहिल्या तासाला आपण सिलॅबस वाचून दाखवतो. त्यातली दहा मिनिटं कमी करा आणि वर्ग कसा चालतो ते सांगा. मला नावानं हाक मारा किंवा सर म्हणा. उशीर झाला तर गुपचूप आत या, दारात उभं राहून परवानगी मागू नका. मी बोलत असताना प्रश्न विचारला तर मला आवडेल. माझ्याशी असहमत होणं हा अपमान नाही. कारण दिलंत तर त्याला गुण आहेत. हे सगळं स्थानिक विद्यार्थ्यांना ठाऊक असतं असं आपल्याला वाटतं. त्यांच्यातल्याही कितीतरी जणांना ते ठाऊक नसतं, विशेषतः घरातून पहिल्यांदाच विद्यापीठाची पायरी चढलेल्यांना.

'ऑफिस अवर्स', म्हणजे विद्यार्थ्यांनी प्राध्यापकांना येऊन भेटायची वेळ, या शब्दावर मात्र थांबाच. ही प्राध्यापकांची कामाची वेळ आहे, या वेळेत त्यांना त्रास द्यायचा नाही, असा त्याचा अर्थ लावणारे विद्यार्थी मी पाहिले आहेत. काहींना वाटतं, तिथे फक्त नापास होणाऱ्यांनी जायचं. म्हणून मी आता त्याला 'विद्यार्थ्यांसाठी राखलेली वेळ' म्हणतो आणि पहिल्या तीन आठवड्यांत प्रत्येकानं एकदा पाच मिनिटांसाठी येऊन जायचं, अशी छोटी असाइनमेंटच ठेवतो. एकदा दाराची भीती गेली की पुढे अडलं-नडलं तर ते आपणहून येतात. आल्यावर काय विचारायचं तेही सुचवून ठेवावं, कारण रिकाम्या हातानं जायला माणूस बिचकतो: वहीतली एक न कळलेली ओळ घेऊन या, एवढं पुरतं.

रोजचा तास

हळू बोला, हा सल्ला सगळे देतात. मला तो अर्धाच पटतो. एकेक शब्द तोडून सावकाश बोललं तर ऐकणाऱ्याला लहान मुलासारखं वाटतं. वेग नेहमीचा ठेवा, पण विरामाच्या जागी खरोखर थांबा. एक मुद्दा संपला, दुसरा सुरू होतोय, हे शब्दांत सांगा. मुख्य संज्ञा तोंडानं म्हणा तेव्हाच फळ्यावर लिहा. स्लाइड आदल्या दिवशी पाठवा, म्हणजे ज्याला शब्द शोधायचे आहेत तो घरी शोधून येईल आणि वर्गात तुमच्याकडे पाहील. व्हिडिओ दाखवणार असाल तर कॅप्शन सुरू करा. कॅप्शनचा फायदा कमी ऐकू येणाऱ्याला होतो, मागच्या रांगेतल्याला होतो आणि बोलण्याच्या ढंगाची सवय नसलेल्यालाही होतो.

वाक्प्रचार कमी करा असं म्हणत नाही. ते भाषेचं वैभव आहे. पण वापरलात की लगेच साध्या शब्दांत पुन्हा सांगा. काही शब्द तर इंग्रजी बोलणाऱ्यांतच घोळ घालतात: बैठकीत एखादा मुद्दा 'टेबल' करणं म्हणजे ब्रिटनमध्ये तो चर्चेला घेणं आणि अमेरिकेत तो बाजूला ठेवणं.

आकड्यांतही हीच गत. जर्मनीत १.५०० असं लिहिलं तर ते दीड हजार होतात, कारण तिथे टिंब हजाराचं आणि स्वल्पविराम दशांशाचा. स्पॅनिश आणि जर्मनमध्ये 'बिलियन'शी मिळताजुळता शब्द एकावर बारा शून्यांसाठी आहे, इंग्रजीत नऊ शून्यांसाठी. आणि ०३/०४ म्हणजे तीन एप्रिल की चार मार्च? असाइनमेंटची तारीख देताना महिना अक्षरांत लिहा, वार लिहा आणि रात्री बारा म्हणजे कुठल्या दिवसाचे बारा तेही लिहा. मध्यरात्रीच्या मुदतीवरून झालेली रडारड मी पाहिली आहे.

आणि "समजलं का?" हा प्रश्न सोडून द्या. त्याचं उत्तर जगभर 'हो' असंच येतं. त्याऐवजी काम द्या. "शेजारच्याला हे तुमच्या शब्दांत दोन वाक्यांत सांगा." "या आलेखात किंमत वाढली तर कुठली रेष हलेल, बोटानं दाखवा." किंवा तास संपताना एका चिठ्ठीवर, आज सर्वांत धूसर राहिलेला मुद्दा कोणता, एवढंच लिहून घ्या. नाव नको. त्या चिठ्ठ्या वाचायला दहा मिनिटं लागतात आणि पुढच्या तासाची सुरुवात कुठून करायची ते आयतं कळतं.

गप्प बसलेला विद्यार्थी

या विषयावर मला सगळ्यात जास्त बोलावंसं वाटतं, कारण इथेच सर्वाधिक अन्याय होतो. चर्चेला गुण असतात, आणि जो गप्प बसतो त्याला 'सहभाग नाही' असा शेरा मिळतो.

गप्प बसण्याची कारणं निरनिराळी असतात. कुणाच्या मनात वाक्य जुळत असतं आणि ते जुळेपर्यंत चर्चा दोन मुद्दे पुढे गेलेली असते. कुणाला पूर्ण विचार झाल्याशिवाय तोंड उघडणं उथळपणाचं वाटतं. कुणाला आपल्या उच्चारांची लाज वाटते. कुणी गुरूसमोर वाद घालू नये अशा संस्कारात वाढलेला असतो. आणि कुणी नुसताच बुजरा असतो. त्याचा देशाशी काही संबंध नसतो. 'अमुक देशाची मुलं बोलत नाहीत' असं स्टाफरूममध्ये ऐकू येतं तेव्हा मला राग येतो. त्याच देशाची दोन मुलं माझ्या वर्गात चर्चेची सूत्रं हाती घेऊन बसलेली मी पाहिली आहेत. सवयींचा अंदाज बांधायला देश थोडा उपयोगी पडतो, माणूस ओळखायला नाही.

उपाय साधे आहेत. पहिला, थांबा. शिक्षणसंशोधक मेरी बड रो यांनी १९७०च्या दशकात शाळांतल्या विज्ञानाच्या तासांचा अभ्यास केला, तेव्हा दिसलं की प्रश्न विचारल्यावर शिक्षक सरासरी एकच सेकंद थांबतात. तीन सेकंद किंवा अधिक थांबले की उत्तरं लांबतात, अधिक मुलं बोलतात, कारणं देऊ लागतात. दुसऱ्या भाषेत विचार करणाऱ्याला तर दहा सेकंदही कमी पडतात. ती शांतता शिक्षकाला जड जाते, मलाही जायची. मी मनात आकडे मोजायला लागलो.

दुसरा, आधी लिहायला द्या. शिक्षणतज्ज्ञ फ्रँक लायमन यांनी १९८१ मध्ये मांडलेली पद्धत आता सगळीकडे आहे: एकट्यानं विचार, मग जोडीत बोलणं, मग वर्गासमोर. यातला पहिला टप्पा घाईत खाऊ नका. दोन मिनिटं कागदावर लिहायला मिळाली की बोलताना वाचून दाखवायला काहीतरी हातात असतं. "तुमच्या जोडीदारानं काय म्हटलं ते सांगा" असं विचारलं तर आणखी सोपं जातं, कारण ते मत आपलं नसतं.

तिसरा, आधी कल्पना द्या. "पुढच्या तासाला या प्रश्नावर तुझ्यापासून सुरुवात करेन, चालेल ना?" असं एकट्याला गाठून विचारलं की बहुतेक जण तयारीनं येतात. अचानक बोट दाखवून उभं करणं टाळा. आणि सहभागाचे गुण नुसत्या तोंडी बोलण्याला देऊ नका; ऑनलाइन फोरमवर लिहिलेलं, चिठ्ठीत विचारलेला नेमका प्रश्न, गटाच्या नोंदी हेही मोजा.

एक चूक मात्र चांगल्या हेतूनं होते. "तुमच्या देशात याकडे कसं पाहतात, सांग बरं," असं आपण कौतुकानं विचारतो. एकोणीस वर्षांच्या मुलावर अख्ख्या देशाची वकिली येऊन पडते. त्याऐवजी सगळ्यांनाच विचारा: तुम्ही पाहिलेल्या ठिकाणी हे कसं चालतं? ज्याला आपला अनुभव सांगायचा आहे, तो सांगेल.

गट पाडताना

'आपापले गट करा' म्हटलं की पाच मिनिटांत वर्ग भाषेप्रमाणे वाटला जातो. यात कुणाची वाईट वृत्ती नसते. माणूस सोप्या वाटेनं जातो. म्हणून गट तुम्ही पाडा. मात्र प्रत्येक गटात एक परदेशी विद्यार्थी, अशी सरळ वाटणीही करू नका. तो तिथे एकटा पडतो. दोघे असले तर धीर राहतो.

निरनिराळ्या समूहांची माणसं एकत्र आली की आपोआप जवळ येतात, हा गैरसमज आहे. मानसशास्त्रज्ञ गॉर्डन ऑलपोर्ट यांनी १९५४ मध्येच चार अटी सांगितल्या होत्या: समान दर्जा, समान उद्दिष्ट, परस्परांच्या सहकार्याची गरज आणि वरच्यांचा पाठिंबा. वर्गात पहिलीच अट सर्वांत आधी मोडते. इंग्रजी सफाईदार असलेला विद्यार्थी अहवाल लिहितो, प्रेझेंटेशन करतो. दुसऱ्याकडे स्लाइडची सजावट आणि आकडे भरणं येतं. शेवटी दोघांनाही वाटतं, सगळं मीच केलं.

यावर इलाज म्हणजे कामाची रचनाच अशी करा की प्रत्येकाकडे असं काही असेल जे दुसऱ्याकडे नाही. मानसशास्त्रज्ञ एलियट ॲरन्सन यांनी १९७१ मध्ये टेक्सासमधल्या शाळांत, वर्णभेद मोडून नुकत्याच एकत्र आलेल्या वर्गांसाठी 'जिगसॉ' पद्धत आखली. विषयाचे चार तुकडे करायचे, एकेक तुकडा एकेकाला द्यायचा. सारख्या तुकड्याचे विद्यार्थी आधी एकत्र बसून तो पक्का करतात, मग आपापल्या गटात परतून बाकीच्यांना शिकवतात. हा मधला टप्पा भाषेच्या दृष्टीनं सोन्यासारखा आहे, कारण गटासमोर बोलण्याआधी तेच वाक्य एकदा सुरक्षित जागी बोलून झालेलं असतं.

लांब पल्ल्याच्या प्रोजेक्टसाठी पहिल्या बैठकीत अर्ध्या पानाचा करार लिहून घ्या. निरोप कुठे द्यायचा, किती वेळात उत्तर द्यायचं, मतभेद झाला तर कसं ठरवायचं, नोंदी कोण ठेवणार. भूमिका दर दोन आठवड्यांनी फिरवा. थोडे गुण वैयक्तिक कामाचे ठेवा. भांडण झाल्यावर मध्यस्थी करण्यापेक्षा हे कितीतरी स्वस्तात पडतं.

लेखन, आणि उसनी वाक्यं

परदेशी विद्यार्थ्याच्या निबंधावर 'मुद्दा कुठे आहे?' असा लाल शेरा सर्रास असतो. मुद्दा असतो, पण शेवटच्या पानावर. भाषावैज्ञानिक रॉबर्ट कॅप्लन यांनी १९६६ मध्ये निरनिराळ्या भाषांतल्या लेखनरचनेतल्या फरकाकडे लक्ष वेधलं. त्यांची मांडणी फार ढोबळ होती आणि तिच्यावर रास्त टीकाही झाली. मला भाषावैज्ञानिक जॉन हाइंड्स यांनी १९८७ मध्ये केलेला भेद अधिक कामाचा वाटतो: काही परंपरांत अर्थ स्पष्ट करण्याची जबाबदारी लेखकावर असते, काहींत तो जोडून घेण्याची जबाबदारी वाचकावर. सगळं फोडून सांगणं म्हणजे वाचकाला कमी लेखणं, असं मानणारी परंपराही असते. विद्यार्थ्याला सांगा की इथे पहिल्या परिच्छेदातच निष्कर्ष लिहायचा. त्यात बरं-वाईट काही नाही, इथली रीत तशी आहे. सोबत मागच्या वर्षीच्या विद्यार्थ्यांचे दोन निबंध त्यांच्या परवानगीनं, नाव काढून वाचायला द्या: एक उत्तम, एक बेताचा. वर्गाकडूनच रुब्रिकप्रमाणे (कशाला किती गुण, याच्या तक्त्याप्रमाणे) त्यांना गुण द्यायला लावा. माझ्या अनुभवात या एका तासानं जेवढा फरक पडतो, तेवढा दहा पानी सूचनांनी पडत नाही.

वाङ्मयचौर्याचा प्रश्न नाजूक आहे. मुद्दाम कॉपी करणारे असतात, सगळ्या देशांत असतात. पण ज्याला आजवर थोरांचे शब्द जसेच्या तसे लिहिण्याबद्दल शाबासकी मिळाली, त्याला नियमाची पीडीएफ पाठवून भागत नाही. सराव द्या. एक छोटा उतारा घ्या आणि त्याची तीन रूपं दाखवा: अवतरणचिन्हांत संदर्भासह, स्वतःच्या शब्दांत संदर्भासह, आणि नुसते दोन-चार शब्द बदललेलं. तिसरं चोरीत का धरलं जातं, यावर चर्चा होऊ द्या. पहिला लेखी तुकडा कमी गुणांचा ठेवा, म्हणजे चूक तिथेच सापडेल आणि शिक्षेऐवजी दुरुस्ती होईल.

एआयनं लिहिलेलं ओळखणाऱ्या सॉफ्टवेअरवर विसंबून कुणावर ठपका ठेवू नका. स्टॅनफर्डच्या संशोधकांनी २०२३ मध्ये अशी सात साधनं तपासली, तेव्हा मातृभाषा इंग्रजी नसलेल्यांनी टोफेल या इंग्रजी भाषेच्या परीक्षेसाठी स्वतः लिहिलेल्या निबंधांपैकी सरासरी निम्म्याहून जास्त निबंध त्या साधनांनी यंत्राचे ठरवले. साधी, मोजक्या शब्दांची वाक्यं यंत्राची वाटतात, आणि दुसऱ्या भाषेत लिहिणारा नेमकी तशीच वाक्यं लिहितो. शंका आली तर विद्यार्थ्याला बोलवा, कच्चे मसुदे मागा, त्याच विषयावर दहा मिनिटं गप्पा मारा.

गुण आणि शेरे

ब्रिटनमध्ये ७० म्हणजे प्रथम श्रेणी. ९५ मिळवायची सवय असलेली मुलगी ६८ पाहून रडते, आणि तिला कुणी सांगितलेलं नसतं की हे चांगले गुण आहेत. जर्मनीत १.० सर्वोत्तम आणि ५.० म्हणजे नापास. फ्रान्समध्ये गुण २० पैकी. डेन्मार्कच्या श्रेणीत सर्वांत वर १२ आणि सर्वांत खाली उणे ३. पहिले गुण लावण्याच्या आधीच तुमची पट्टी समजावून सांगा.

शेरा सरळ लिहा. 'हाही विचार करून पाहता येईल' यातला सौम्यपणा स्थानिक विद्यार्थ्याला 'हे बदल' असा ऐकू येतो, परदेशी विद्यार्थ्याला तो ऐच्छिक वाटतो. 'दुसरा परिच्छेद काढून तिथे पुरावा द्या' असं लिहिण्यात कठोर काही नाही. भाषेच्या सगळ्या चुका लाल करू नका. पुन्हा पुन्हा होणारी एक किंवा दोन ठिकाणं दाखवा, बाकी सोडा. आणि रुब्रिकमध्ये भाषेचे गुण वेगळे, आशयाचे वेगळे ठेवा, नाहीतर व्याकरणाच्या चुकांखाली चांगला विचार दडपला जातो.

कुणी दिसेनासं झालं तर

सुरुवातीचे आठवडे उत्साहात जातात. खचणं बहुधा दुसऱ्या-तिसऱ्या महिन्यात येतं. अनेक देशांत विद्यार्थी व्हिसा हजेरीशी आणि उत्तीर्ण होण्याशी बांधलेला असतो, त्यामुळे नापास होण्याची भीती त्यांच्यासाठी दुप्पट असते. सलग दोन तास कुणी आलं नाही तर दोन ओळींचा ई-मेल करा: तुम्ही दिसला नाहीत, सगळं ठीक आहे ना, अमुक वेळेला मी खोलीत आहे. व्हिसाचे सल्ले आपण द्यायचे नाहीत, समुपदेशकाचं कामही आपण करायचं नाही. पण नुसता फोन नंबर हातात देण्यापेक्षा त्या कार्यालयापर्यंत सोबत चालत जाता आलं तर जा.

चौथ्या आठवड्यात

एक निनावी चिठ्ठी फिरवा. प्रश्न दोनच: या वर्गात शिकायला कशाची मदत होते, आणि कशानं अडतं? पुढच्या तासाला उत्तरं वर्गाला सांगा, काय बदलणार आहात ते सांगा, आणि जे बदलणार नाही त्याचं कारणही द्या. माझ्या एका वर्गात अशीच एक चिठ्ठी आली होती, अडखळत्या इंग्रजीत. तास संपताना सगळे बॅगा भरत असतात, तेव्हा तुम्ही गृहपाठ सांगता. त्या आवाजात मला शब्द ऐकू येत नाहीत आणि दुसऱ्यांना विचारायला संकोच वाटतो. तेव्हापासून मी गृहपाठ तासाच्या मध्यावर सांगतो, फळ्याच्या डाव्या कोपऱ्यात लिहितो आणि तास संपेपर्यंत पुसत नाही.